मीठवाट, आवृत्ती १.९

नव्या यंत्रावर खेचर उधळलं.

वीस वर्षांपूर्वी मीच त्याला शिकवलं होतं:
दर चित्राला एक पाऊल टाक.
तेव्हा सेकंदाला तीस चित्रं निघायची,
तीही धापा टाकत,
आणि खेचर पाठीवर मिठाची गोणी घेऊन
कसं समजूतदार चालायचं.
आता सेकंदाला दोनशे चाळीस.
सूर्य बुडतो, उगवतो, तोंडसुद्धा न धुता पुन्हा बुडतो.
आवाज तेवढा जुन्याच चालीचा,
म्हणून नाक्यावरचा जकातदार
"थांब" हा शब्द पुरा करेपर्यंत
आपण पुढच्या राज्यात.

ब्रनोत मार्च. खिडकीखाली वळणावर ट्राम कण्हते.
कंपनीत आम्ही चौघं उरलो,
जेवणघर होतं तिथे चष्म्यांचं दुकान आलं.
राडिम तेवीस वर्षांचा, खेळाहून तीन वर्षांनी थोरला.
माझ्या कोडमध्ये तो शिरला तो नाक दाबूनच.
"हे कुणी लिहिलंय?"
"मी."
"...वाचता येतंय," म्हणाला. गुणी मुलगा.

दोष सापडला तो असा:
आठ गाभ्यांचा प्रोसेसर,
त्यातला एकच पाणी भरतोय, पानं वाढतोय, उष्टी काढतोय
आणि बाकीचे सात
वरपक्षासारखे लोडाला टेकून बसलेत.
उठवलं एकेकाला.
एकाच्या हाती बर्फ दिला, एकाच्या हाती सावल्या,
एकाला सांगितलं, तू फक्त नदी बघ.
काळ आणि चित्र एका चुलीवर होते,
त्यांच्या वाटण्या केल्या.
खेचर भानावर आलं.
खुरांखालचा खडा न् खडा दिसू लागला,
आणि गोणीचा टाका, जो मी तेव्हा
कुणाला दिसणार म्हणून तसाच सोडला होता.

मग राडिमनं खेळ उघडण्याचा वेळ मोजला.
पूर्वी एकेचाळीस सेकंद.
आता शून्य पूर्णांक तीन.
ओरडलाच तो. खाली जाऊन खसखशीचे केक घेऊन आला.
मी हात मिळवला. त्याचा हक्क होता.

त्या एकेचाळीस सेकंदांत
द्राहोमीराच्या ओळी असायच्या, काळ्या पडद्यावर, एका वेळी एक.
एकशे बारा लिहिल्या तिनं, कुणी सांगितलं नव्हतं.
"रिकामी जागा दिसली, बसले," म्हणाली होती.
चार वर्षं झाली तिला जाऊन.
ओळी शाबूत आहेत, फाईल उघडली की दिसतात.
पडद्यावर मात्र आता
काहीतरी पांढरं हलून जातं,
दाराच्या फटीतून मांजर गेल्यासारखं.

मी काही बोलले नाही. काय बोलणार?
जरा सावकाश कर, असं
कुठल्या तोंडानं सांगायचं
ज्याला वेगासाठीच नोकरीवर घेतलं?

गुरुवारी कुठेतरी स्मृती गळत होती.
ती शोधायला राडिमनं प्रोग्रॅम मध्येच थोपवला
आणि जेवायला गेला.
तासभर त्याच्या पडद्यावर उभी होती:

*उतारावर खेचराच्या पुढे चालू नका.
मागेही नको.*

परत आला, सूपचा डबा हातात तसाच.
वाचलं. खुर्ची ओढली.
एक पायरी पुढे सोडलं, पुन्हा थोपवलं.

*मीठ पावसानं भिजतं त्याहून जास्त घाईनं भिजतं.*

पुन्हा.

*रस्ता विचारायचा तर म्हातारीला विचारा,
ती आधी तुम्हाला बसायला सांगेल.*

सहा वाजले. गळती तशीच.
"ही कोण?" त्यानं विचारलं.
मी सांगितलं, तिला खसखस आवडायची नाही,
दातात अडकते म्हणायची.
एवढंच आठवलं त्या वेळी.

सोमवारी आवृत्ती गेली. सोबत यादी:
आठही गाभ्यांचा वापर.
खेचराचा वेग पूर्ववत.
जकातदार आता वेळेत बोलतो.
गळती बंद.
आणि अगदी तळाशी, मला न विचारता घातलेलं:
खेचर निघायला तयार झालं, तरी तुम्ही
कळ दाबेपर्यंत थांबून राहील.

मी त्यातली शुद्धलेखनाची एक चूक तेवढी काढली.